बाराचा लिलाव अकराला

माझ्या आईची बसायची जागा एका फळ्यावर खडूने बदललेल्या आकड्यामुळे गेली. ही हकिकत मी इतक्या वर्षांत अनेकांना सांगितली आणि शेवटी प्रत्येकाने मला हेच ऐकवलं, की जाऊ द्या हो बाई, झालं गेलं. मी जाऊ देत नाही. मी शाळेत शिकवत आले. फळ्यावर काय लिहावं आणि काय पुसावं याचं मला आयुष्यभर वळण लागलेलं आहे. त्या दिवशी त्या फळ्यावर जे केलं गेलं ते माझ्या वर्गातल्या एखाद्या पोराने केलं असतं तर मी त्याला तासभर बाकावर उभं केलं असतं. ते करणारा माणूस मात्र बढती घेऊन, हारतुरे घेऊन निवृत्त झाला.

आई मासळी विकायची. आमचं घर वसईच्या पाचूबंदरला, आणि तिचा बाजार तिथून एस.टी.ने जायच्या अंतरावर, तालुक्यातल्या तेव्हाच्या चार नगरपालिकांपैकी एकीच्या हद्दीत. कोणत्या ते सांगत नाही. चारही जणींना हे आपल्याविषयीच आहे असं वाटलं तर माझी हरकत नाही. नव्वदचं दशक संपत आलं होतं. भाताच्या शेतांत बिल्डिंगा उठत होत्या, कोकणातली, देशावरची, मुंबईतली खोली विकून आलेली नोकरदार माणसं राहायला येत होती आणि मासे खाणारी तोंडं वाढत होती. बाजारात आईचा सिमेंटचा ओटा होता, दारातून आत शिरलं की डाव्या हाताला पहिला. त्यावर आधी माझी आजी बसायची. वर पत्रा, समोर गिऱ्हाइकाची वाट, पाठीमागे नळ. मासे विकणाऱ्या बाईला यापेक्षा जास्त काही लागत नाही, आणि यातलं काही गेलं तर तिचा धंदा बसतो.

बाजारात बसणाऱ्या प्रत्येकीला रोज जागेचे पैसे द्यावे लागत. ते गोळा करायचं काम नगरपालिका स्वतः करत नसे. दर मार्चमध्ये त्या कामाचा लिलाव व्हायचा. सगळ्यात मोठी बोली लावणाऱ्याने ती रक्कम नगरपालिकेत भरायची आणि मग वर्षभर बायांकडून वसुली करायची. कागदावर यात वाईट काही नाही. दर ठरलेला असतो, तो पत्र्यावर रंगवून बाजाराच्या दारात लावलेला असतो, आणि पावती द्यायचीच असते.

आमच्या बाजारात तो पत्रा होता, पण त्यापुढे ठेकेदाराच्या माणसांनी बर्फाच्या पेट्या रचून ठेवलेल्या होत्या. ठेकेदार कित्येक वर्षं तोच. दर त्याच्या मनाला येईल तो, पावती मागितली तर शिवी, आणि शिवाय जाताना एक पापलेट किंवा मूठभर कोलंबी उचलायची, ती हक्काची असल्यासारखी. कोणी कुठे बसायचं हेही तोच ठरवू लागला होता. कधी स्वतः फेरी मारायला आला तर नाकाला रुमाल लावून यायचा. ज्या वासावर त्याचं घर चाललं होतं तो वास त्याला सहन होत नसे. मला त्या माणसाच्या बाकी सगळ्यापेक्षा त्या रुमालाचाच जास्त संताप यायचा.

एका वर्षी बायांनी ठरवलं की लिलावात आपणच बोली लावायची. ही कल्पना आईची. ती म्हणाली, पैसे आपणच देतो तर गोळाही आपणच करू, पत्र्यावरच्या दराने घेऊ आणि नगरपालिकेचे नगरपालिकेत भरू. फादरांनी चर्चचा हॉल दिला, तिथे बैठका झाल्या, हिंदू आणि ख्रिस्ती दोन्हीकडच्या बाया आल्या, संस्था नोंदवली गेली. बोली लावण्याआधी अनामत रक्कम भरावी लागते, ती भरली. नगरपालिकेच्या हेडक्लार्कने स्वतःच्या हाताने पावती दिली आणि विचारलं, "मावशी, तुम्हाला कशाला हवी ही डोकेदुखी?" आई म्हणाली, "डोका आमचाच दुखते, भाऊसाहेब. म्हनून." तेव्हा तो हसला होता. त्या हसण्यावर आम्ही विश्वास ठेवला.

लिलावाची नोटीस नगरपालिकेच्या व्हरांड्यातल्या फळ्यावर लागली. शुक्रवार, दुपारी बारा.

आता हा शुक्रवार कसला, ते सांगायला हवं. तो उपासाचा काळ होता. ईस्टरच्या आधीचे ते आठवडे आमच्याकडे पाळतात, आणि शुक्रवारी ख्रिस्ती घरांत मटण-कोंबडी शिजत नाही. म्हणजे मासेच. वर्षभरात मासळीबाईची खरी कमाई जर कधी होत असेल तर ती या शुक्रवारी सकाळी. हे तालुक्यात शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे, आणि नगरपालिकेत तर अर्धे कर्मचारी इथलेच. हा दिवस कसा निवडला असेल, याचा विचार मी तेव्हा केला नाही. नंतर पुष्कळ केला.

बायांनी त्यावर तोड काढली. बंदरावर बोटी लागल्या की मासळीचे ढीग करून लिलाव पुकारतात, तिथला आमचा एक रिवाज आहे. एखाद्या बाईला मधेच बर्फ आणायला, तान्ह्याला पाजायला जायचं असलं, तर ती आपली रिकामी टोपली लिलावाच्या जागी ठेवून जाते. टोपली ठेवली म्हणजे ती बाई बोलीत आहे. पुकारणारा तिच्यासाठी खोळंबतो. अगदीच उशीर झाला तर तिच्या नावाने हाक मारायला पोर धाडतो, पण टोपलीवाली येईपर्यंत बोली उघडत नाही. दुसरीची टोपली कोणी हलवत नाही. मी लहानपणापासून बंदरावर नाना तऱ्हेची भांडणं पाहिली, केस धरून झालेली पाहिली, पण कोणी कोणाची टोपली उचलून बाहेर टाकलेली पाहिली नाही.

त्या शुक्रवारी सकाळी ओट्यांवर मासळी मांडून झाल्यावर आई आणि संस्थेच्या आणखी चारजणी रिकाम्या टोपल्या घेऊन नगरपालिकेत गेल्या. कचेरी बाजारापासून हाकेच्या अंतरावर. लिलाव ज्या सभागृहात व्हायचा तिथे पहिल्या रांगेच्या समोर त्यांनी पाच टोपल्या मांडल्या, शिपायाला सांगितलं, "आमी बाजारात हाव, बाराला येतो, आधी काय झाला तर हाक मार," आणि धंद्याला परत आल्या. त्यांच्या मते त्या लिलावाला हजर झाल्या होत्या. मला हे आधी कळलं असतं तर मी सांगितलं असतं की आये, ती सरकारी कचेरी आहे, बंदर नव्हे. पण मी वर्गावर होते. अर्ध्या दिवसाची रजा टाकून मी पावणेबाराला पोचले ती थेट कचेरीतच.

आवारातल्या नळापाशी टोपल्या उपड्या पडल्या होत्या. एकीची कड मोडली होती. मी धावत सभागृहात गेले तर खुर्च्या रिकाम्या, टेबलावर चहाचे कप आणि बिस्किटांचा चुरा. तेवढ्यात बाजाराकडून बाया आल्या, हात पदराला पुसत, आई सगळ्यांच्या पुढे.

हेडक्लार्क दारात उभा होता. "लिलाव अकरालाच झाला," तो म्हणाला. "तुम्ही कुठे होतात?"

"नोटिशीवर बारा हाय," आई म्हणाली.

तो आम्हाला व्हरांड्यात घेऊन गेला. फळ्यावर अकरा होतं. बारातला दोनाचा आकडा पुसून त्या जागी एक काढलेला होता, आणि पुसलेल्याचा पांढरा फराटा अजून तिथेच होता. मी तो बोटाने दाखवला. तो म्हणाला की वेळेत बदल करायचा अधिकार कार्यालयाला आहे, तशी तळटीप नोटिशीत आहे, आणि बदल काल संध्याकाळीच केलेला आहे. काल संध्याकाळी मी स्वतः शाळेतून येताना तो फळा पाहून गेले होते, तेव्हा बाराच होतं. हे मी सांगितलं तेव्हा त्याने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

"आमच्या टोपल्या होत्या ना आत," आई म्हणाली. "टोपल्या असताना तुमी बोली उघडलीच कशी?"

तिने हे इतक्या खऱ्या आश्चर्याने विचारलं की मला रडू फुटायचं बाकी राहिलं. कचेरीतली माणसं मात्र हसली. एकजण म्हणाला, पुढच्या वेळी मासेच पाठवा, ते बोली लावतील. आत बोली लावायला कोण होतं, ते नंतर कळलं. ठेकेदार, त्याचा मेहुणा आणि त्याच्या टेम्पोचा ड्रायव्हर. तिघांनी एकमेकांवर बोली चढवली, फार नाही, गेल्या वर्षीच्या आकड्यापेक्षा जरा वर जाईल इतपत, आणि चहा पिऊन उठले.

वसईच्या कोर्टात आम्ही दावा टाकला. वकील वयस्कर होते, सज्जन होते आणि आमच्याकडून त्यांनी फी म्हणून जे घेतलं ते न घेतल्यासारखंच होतं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "सार्वजनिक लिलावात सगळ्यांना सारखी संधी द्यावी लागते. नोटिशीची वेळ ऐनवेळी बदलली, अनामत भरलेल्यांना कळवलं नाही, एवढं पुरे आहे. फक्त ते टोपल्यांचं नको. ते कोर्टात हास्यास्पद होईल."

"घडलाय ते लिवा," आई म्हणाली.

"बाई, तुम्ही म्हणता ती बंदरावरची रीत आहे. कायदा ती ओळखत नाही."

आईला ते पटलं नाही हे मला दिसत होतं. दाव्यात टोपल्या आल्या नाहीत. वादींच्या यादीत पहिलं नाव आईचं आलं.

ते नाव ठेकेदाराने वाचलं. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात त्याच्या माणसांनी आईला ओट्यावरून उठवलं. ओटे नव्याने वाटले आहेत, तुमचा नंबर बाहेर आहे, म्हणाले. बाहेर म्हणजे बाजाराच्या दाराबाहेर, गटाराच्या कडेला, उन्हात. तिच्या ओट्यावर बर्फाच्या पेट्या रचल्या. वर्षानुवर्षं तिच्याकडून मासे नेणारी माणसं सुरुवातीला बाहेर थांबायची, मग गटाराच्या वासाने नाक मुरडून आत जायला लागली. दुपारपर्यंत बर्फ वितळायचा आणि उरलेले बोंबील ती घरी वाळत टाकायला आणायची. तेव्हापासून माझ्यासाठी हा दावा लिलावाचा राहिला नाही. मला आईचा ओटा परत हवा होता, आणि ठेकेदार जाईपर्यंत तो मिळणार नव्हता.

आम्ही लिलावाला स्थगिती मागितली होती. ती मिळाली नाही. वसुली सुरू झालेली आहे, ती थांबवली तर नगरपालिकेचं नुकसान होईल, असं कोर्टाचं म्हणणं पडलं. म्हणजे बघा, चोराने सामान घरी नेलं आहे, आता ते परत मागितलं तर त्याच्या घरच्यांची गैरसोय होईल. मग तारखा सुरू झाल्या. नगरपालिकेचे वकील आले नाहीत. आले तर कागद आणले नाहीत. कागद आणले तर त्यांवर सही नव्हती. सही झाली तोवर कोर्टाला उन्हाळ्याची सुट्टी लागली. पावसाळा गेला, गणपती गेले, नाताळ गेला. मी शाळेत रजांचे अर्ज देत राहिले आणि आमच्या मुख्याध्यापिका, त्या सिस्टर होत्या, कारण न विचारता सही करत राहिल्या. आई दर तारखेला इस्त्रीचं लुगडं नेसून यायची, बाकावर ताठ बसायची आणि पुढची तारीख ऐकून गटाराकडे परत जायची.

जानेवारीत न्यायाधीश बदलून नवे आले. त्यांनी फाईल वाचलेली होती, हे पहिल्या प्रश्नावरूनच समजलं. नगरपालिकेचे वकील उभे राहून म्हणाले की वादी लिलावाच्या वेळी गैरहजर होत्या, त्यांना स्वारस्यच नव्हतं. न्यायाधीशांनी मान वर केली आणि आईकडे पाहून विचारलं, "बाई, तुम्ही तेव्हा कुठे होतात?"

आमचे वकील उठायच्या आत आई उठली होती. "बाजारात होती, सायब. पन टोपली हिकडे ठेवली होती." आणि तिने बंदरावरचा रिवाज सांगितला, तसाच, जसा कोणा नव्या सुनेला सांगावा. वकिलांच्या बाकांवर खसखस पिकली. आमच्या वकिलांनी डोळे मिटून घेतले.

न्यायाधीश हसले नाहीत. त्यांनी विचारलं, "मग त्या टोपल्यांचं काय झालं?"

"बाहेर टाकल्या. नळावर."

"कधी? लिलावाच्या आधी की नंतर?"

आईला ते ठाऊक नव्हतं. तिने खरं तेच सांगितलं. पण लिलावाच्या दिवशीचा शिपाई हेडक्लार्कसोबत फायली घेऊन मागेच उभा होता. न्यायाधीशांनी त्याला विचारलं. तो आधी हेडक्लार्ककडे पाहू लागला. मग म्हणाला, "आधी. साहेब म्हणाले, या उचल, मग सुरू करू."

आमच्या वकिलांनी डोळे उघडले. ज्यांना स्वारस्यच नव्हतं त्यांच्या टोपल्या आधी उचलाव्या लागल्या होत्या. आपण कोणाला वगळून बोली उघडतो आहोत हे कचेरीला पक्कं ठाऊक होतं. न्यायाधीशांनी काहीतरी लिहून घेतलं. बाहेर आल्यावर वकील आईला म्हणाले, "माझं चुकलं, बाई." आई म्हणाली, "आता ओटा कवा भेटेल?" ओटा गेल्यापासून मी आईला पहिल्यांदाच ओव्या म्हणताना ऐकलं. आम्ही जिंकलो, असं मी शाळेत दोघी-तिघींना सांगूनही टाकलं.

निकाल मार्चच्या मध्यावर आला. मी तो उभ्या उभ्या वाचला, मग बाकावर बसून वाचला. लिलावाच्या पद्धतीविषयी गंभीर शंका घ्यायला जागा आहे, असं त्यात होतं. अनामत भरलेल्या सर्वांना कळवायला हवं होतं, असंही होतं. आणि त्याखाली असं, की ठेक्याची मुदत काही दिवसांत संपते आहे, नवा लिलाव जाहीर झालेला आहे, त्यामुळे या दाव्यात आता काही उरलेलं नाही. तो निकाली काढण्यात येत आहे. वादींना नव्या लिलावात भाग घ्यायची मोकळीक आहे.

मोकळीक. हा शब्द मी नंतर कित्येक दिवस चावत होते. एक वर्ष तुम्हीच तारखा द्यायच्या आणि वर्ष संपल्यावर म्हणायचं की आता वर्ष संपलं. मला त्या न्यायाधीशांचा राग आला, कारण त्यांना सगळं दिसलं होतं. ज्याला दिसतच नाही त्याला माणूस एकवेळ सोडून देतो.

"माझा ओटा?" आईने विचारलं. मी कागद उलटून पाहिला, जणू मागच्या बाजूला तो असेल. ओट्याचं त्यात एक अक्षर नव्हतं.

नव्या लिलावाच्या दिवशी बायांनी धंदा बंद ठेवला. नगरपालिकेचं दार उघडायच्या आधीपासून त्या पायऱ्यांवर बसल्या होत्या, आणि सभागृह उघडल्यावर पहिल्या दोन रांगा त्यांनीच भरल्या. फळ्यावर बारा होतं आणि बरोबर बाराला हेडक्लार्क आला. त्याने अटी वाचायला घेतल्या. दरवर्षीच्याच सगळ्या, आणि शेवटी एक नवी. बोली लावणाऱ्यास बाजार वसुलीच्या कामाचा किमान तीन वर्षांचा अनुभव असावा.

आई उभी राहिली. "भाऊसाहेब, मी सून म्हनून आली तवापासून हे पैसे देते. माझ्या सासूनं दिले. आमच्यापेक्षा अनुभव कोनाला?"

"देण्याचा नाही, बाई," हेडक्लार्क म्हणाला. "घेण्याचा."

यावेळी कोणी हसलं नाही. अनुभव असलेला माणूस अख्ख्या सभागृहात एकच होता, आणि तो तिसऱ्या रांगेत नाकाला रुमाल लावून बसला होता, कारण पुढे आमच्या बाया होत्या. बोली एकच लागली. गेल्या वर्षीपेक्षा कमी रकमेची.

आम्ही तिथून तडक वकिलांकडे गेलो. मी रस्ताभर बडबडत होते, काय बोलत होते ते माझं मलाही कळत नव्हतं. वकिलांनी अट वाचली आणि उजळलेल्या चेहऱ्याने म्हणाले, "ही तर पहिल्यापेक्षा सोपी केस आहे. अशी अट एकाच माणसाला डोळ्यांपुढे ठेवून घातलेली असते. ही टिकणार नाही."

"किती दिवस लागतील?" आईने विचारलं.

त्यांनी कागद खाली ठेवला. "वर्ष धरा."

"ठेका वरसाचा, केस पन वरसाची," आई म्हणाली. तिचा आवाज चढलेला नव्हता. "दर वरसाला आपन बरोबर ठरनार, नि दर वरसाला तो बसनार."

याला उत्तर मला सुचलं असतं तर मी आज हे लिहीत बसले नसते. खाली रस्त्यावर एस.टी. वळत होती तिचा भोंगा ऐकू येत राहिला. मला वाटलं, आई आता उठेल आणि म्हणेल, चल घरी. तिने टेबलावरचा कोरा वकालतनामा स्वतःकडे ओढला आणि विचारलं, "सही कुठं करू?"